पुरळ उठलं म्हणजे विषबाधा नव्हे

रुग्णांच्या नोंदींना आयसीडी-१० (आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचे) कोड लावताना "अँटिबायोटिकने त्रास झाला की सरळ टी३६ लावा" असं कुणी म्हटलं, तर ते अर्धंच बरोबर आहे. या वर्गीकरणाच्या अमेरिकन सीएम आवृत्तीत टी३६.० (पेनिसिलिन) मध्ये सहावं अक्षर बघावं लागतं: १ म्हणजे अपघाती विषबाधा, ५ म्हणजे डॉक्टरांनी दिलेलं औषध नीट घेऊनही झालेला दुष्परिणाम. क्रमही फिरतो. विषबाधेत टी कोड आधी, दुष्परिणामात आधी पुरळ (एल२७.०) आणि मग टी. डब्ल्यूएचओच्या (जागतिक आरोग्य संघटनेच्या) मूळ आवृत्तीत मात्र हा ५ शोधत बसू नका, तिथे पेनिसिलिनच्या दुष्परिणामाला वाय४०.० आहे. आणि अँटिबायोटिक असूनही मेट्रोनिडाझोल टी३६ मध्ये नाहीच, ते टी३७.३.

पण खरी गोची केसपेपरवर असते. सोलापुरात आमच्याकडे यंत्रमागावरचा एक कामगार अंगभर गांधी घेऊन आला. डिस्चार्ज कार्डवर फक्त "ड्रग रॅश". नर्सच्या नोंदीत मात्र बारीक अक्षरात, "भावाच्या उरलेल्या ॲमॉक्सिसिलिनच्या गोळ्या घेतल्या" (ॲमॉक्सिसिलिन म्हणजे पेनिसिलिनच्याच गटातलं). दुसऱ्याची गोळी स्वतःच्या मनाने घेतली की ती विषबाधेत जाते, म्हणजे कोड आणि क्रम दोन्ही बदलले. अशा वेळी नर्सच्या नोंदीवरून परस्पर कोड टाकू नये; डॉक्टरांना लेखी विचारायचं, कितीही वैतागले तरी.