जाँ मुलाँ: हीरो की वरून लादलेला साहेब?

खडूस काका: काल ‘मीच तो’ यांनी ठोकून दिलं की दुसऱ्या महायुद्धात जर्मनांविरुद्धच्या फ्रेंच भूमिगत चळवळीचा नेता जाँ मुलाँ म्हणजे लंडनहून पॅराशूटनं उतरलेला साहेब, आयत्या बिळावर नागोबा, खरी लढाई फ्रेनेच्या भूमिगत संघटनेतल्या माणसांनी लढली. डोक्यात गेलं म्हणून सविस्तर लिहितोय. अहो, पॅराशूट जानेवारी १९४२ ची. जून १९४० मध्ये हा माणूस शार्त्रचा प्रीफेक्ट होता, आपला कलेक्टरच समजा, गाव रिकामं होत होतं आणि हा राहिलेल्यांच्या पावाची सोय बघत होता. १७ जूनला जर्मन आले नि त्याच दिवशी कागद पुढे केला, सेनेगाली सैनिकांनी बायकापोरांवर अत्याचार करून त्यांना मारलं, कर सही. ती माणसं बॉम्बनं मेलेली. यानं सही केली नाही, मार खाल्ला, रात्री मुद्दाम एका सेनेगाली सैनिकाबरोबरच कोंडलं, तेव्हा सकाळी आपण सही करून बसू या भीतीनं फरशीवरच्या काचेनं स्वतःचा गळा कापला. वाचला. लढा चालू ठेवा सांगणारं द गॉलचं लंडनहून रेडिओवरचं भाषण तर दुसऱ्या दिवशीचं!

मीच तो: गळा कापला, मान्य. मग नोव्हेंबरपर्यंत त्याच खुर्चीत कोण होतं? जर्मनांशी जुळवून घेतलेल्या व्हिशी सरकारनं काढलं म्हणून गेला, राजीनामा नाही दिला. फ्रेनेची माणसं पेपर छापून पकडली जात होती आणि हे आले पैसे घेऊन, द गॉलला माना. आमच्या सोसायटीत बारा वर्षं टँकरसाठी मी भांडलो नि चेअरमन झाला काल आलेला. तेच हे.

खडूस काका: सोसायटी कुठे, फ्रान्स कुठे! २७ मे १९४३ ला पॅरिसमध्ये ८ संघटना, ६ पक्ष, २ युनियन एका खोलीत बसवल्या त्यानं. तुमच्या सोसायटीत पार्किंगवर एकमत होतं का?

लियॉंकरीण: भांडू नका. मला तर तो मफलरवाला फोटो बघूनच काटा येतो, गळ्याची जखम लपवलेली.

मीच तो: फोटो शार्त्रच्या आधीचा आहे ताई. मोंपेलिएत मित्रानं काढलेला. थंडी होती, बस.

लियॉंकरीण: नंतर मफलर घालायचाच ना पण? मी इथे नऊ वर्षं राहतेय, मला शिकवू नका.

मीच तो: घालायचा. फोटोत जखम नाही एवढंच म्हणतोय. पुण्यात राहून शनिवारवाडा बांधल्यासारखं बोलू नका.

खडूस काका: झालं, आता मफलरवर पन्नास प्रतिसाद.

रिटायर्ड कारकून: मी फारसा लिहीत नाही. महसूलमध्ये ३१ वर्षं काढली. एका पुरानंतर साहेब म्हणाले, पंचनाम्यात घर पडलं नाही असं लिहा. घर मी पाहिलेलं, चुलीत गाळ, उरलेल्या एका भिंतीला पोराची सायकल टेकवलेली. मला कुणी हात लावला नाही, नुसतं संध्याकाळी सातपर्यंत बसवून ठेवलं नि वर मुलीच्या ॲडमिशनची चौकशी केली. मी सही केली. खुर्ची सोडली नाही म्हणून त्याला नावं ठेवणाऱ्यांनी एकदा असा कागद समोर घेऊन बसावं.

मीच तो: काका, तुमच्यापुढे काय बोलणार. खुर्चीचं वाक्य मागे घेतो. फ्रेनेचं नाही घेत. आणि मुलाँ पकडला गेला त्या लियॉंजवळच्या कालुइरमधल्या डॉक्टरच्या घरच्या बैठकीला, फितुरीचा संशय असलेल्या आर्दीला बोलावलं नसताना तो आला, ही ढिलाई कुणाची?

खडूस काका: आर्दीला आणलं फ्रेनेच्याच संघटनेनं! दोनदा खटला झाला, दोन्हीदा सुटला, म्हणून पुढचं बोलत नाही. मुलाँ पोहोचला उशिरा, तर डॉक्टरच्या मोलकरणीनं पेशंट समजून वेटिंग रूममध्ये बसवलं, तिथेच सापडला. गेस्टापोच्या बार्बीच्या हाती लागूनही नावं दिली नाहीत, ८ जुलैला जर्मनीला नेताना गेला.

लियॉंकरीण: ते सगळं ठीक. पण मफलर राखाडी होता, हे तरी मान्य?

मीच तो: फोटो ब्लॅक अँड व्हाइट आहे हो ताई.