क्रिकेट ०७ अजून कोण कोण खेळतं? बडोदेकरांनो, आपापले अनुभव लिहा

जुना पीसी भंगारात द्यायचा म्हणून हार्डडिस्क काढून बघितली, तर ईए स्पोर्ट्सचं क्रिकेट ०७ अख्ख्या फोल्डरसकट जसंच्या तसं! २००६ च्या नोव्हेंबरात आलेला गेम, कॅनडातल्या एचबी स्टुडिओजनी बनवलेला, त्यानंतर ईएने क्रिकेट काढलंच नाही. लॅपटॉपवर टाकला, म्हटलं पाच ओव्हरची एक मॅच, आणि घड्याळात बघतो तर रात्रीचे दोन. नवे गेम पण आहेत माझ्याकडे, दिसायला कितीतरी छान, पण महिना महिना उघडले जात नाहीत.

आम्ही तेव्हा दांडिया बाजारात राहायचो, दोघे भाऊ आणि कीबोर्ड एक. नियम असा की आउट झाला की कीबोर्ड दुसऱ्याच्या मांडीवर. दादा बॉल टाकायच्या आधीच बाण दाबून ठेवायचा, मी बॉलरचा हात वर जाईपर्यंत थांबायचो. चारही बाणांवरची खूण पुसली गेली होती, वरच्या बाणाला तर बोटाएवढा गुळगुळीत खड्डा. टायमिंग बरोबर बसलं की जो आवाज यायचा ना, तो आवाज आला की फोर बघायची गरजच नसायची.

तुमच्याकडे कसा आला, कोणाबरोबर खेळलात, अजून का सुटत नाही, सगळं लिहा.

खारीवावकर
आमच्याकडे पहिलं काम होतं नावं नीट करायचं. लायसन्स ऑस्ट्रेलिया-इंग्लंडचं, अॅशेसचा म्हणजे या दोघांच्या टेस्ट सिरीजचा गेम ना तो, त्यामुळे आपल्या टीमची नावं सगळी वाकडीतिकडी. मी आणि आतेभाऊ उत्तरायणाच्या सुट्टीत गच्ची सोडून खाली बसलो आणि एकेक नाव टाइप केलं, सगळ्यात आधी आपल्या बडोद्याच्या इरफान पठाणचं. २००६ च्या जानेवारीत त्याने कराचीला टेस्टच्या पहिल्याच ओव्हरला सलमान बट, युनूस खान आणि मोहम्मद युसूफ असे लागोपाठ तीन काढले होते, ते तसंच करून दाखवायचं हे आमचं वेड. पाकिस्तानला बॅटिंग द्यायची, इरफानला नवा बॉल, निशाण फुललेंथवर, आणि दोन विकेट आल्या की तिसऱ्या बॉलला हाताला घाम. अजून जमलेलं नाही पण मी सोडणार नाही.

वाडीची लेक
मी मुलगी म्हणून भाऊ फक्त फील्डिंग बघायला बसवायचा, मग एकदा त्याला ताप आला आणि मी चार दिवसांत एक टेस्ट पूर्ण खेळले. पण मला सांगायचंय ते बाबांचं. बाबांना कम्प्युटरचं काही नाही, पेपर वाचत बसायचे, आणि आतून आवाज आला की मान वर करून म्हणायचे "बेनो आहे हा!" गेममध्ये कॉमेंट्री मार्क निकोलस आणि रिची बेनोची. मग पेपर ठेवून माझ्या मागे खुर्ची ओढायचे, स्क्रीनकडे कमी बघायचे, ऐकायचेच जास्त. २०१५ च्या एप्रिलमध्ये बेनो गेले त्या संध्याकाळी बाबांनीच विचारलं, तो गेम आहे का गं अजून? लावला. मी बॅटिंग मुद्दाम हळू केली, आवाज जास्त वेळ यावा म्हणून.

टेक्नोचा मागचा बाक
गेम टिकला तो पॅचवाल्यांमुळे हे कोणीतरी लिहायलाच पाहिजे. कंपनीने हात काढून घेतला आणि जगभरातल्या पोरांनी फुकट, रात्र रात्र जागून, नवे ड्रेस, नवे चेहरे, नवी स्टेडियमं, बॅटचे स्टिकरसुद्धा बनवले. २००८ ला आयपीएल सुरू झालं तर आयपीएल पण त्यात आलं. इरफानचा भाऊ युसूफ पठाण इंडियाकडून पहिली मॅच खेळला २००७ ची टी-२० वर्ल्ड कपची फायनल, म्हणजे गेम आल्यानंतर, त्यामुळे तो त्यात असणारच कसा! मी एका खेळाडूचं नाव बदलून युसूफ केलं, पॉवर वाढवली आणि त्याच्या आयपीएल टीमची, राजस्थान रॉयल्सची निळी जर्सी रंगवायला घेतली. कॉलरचा रंग बाहीवर सांडायचा, म्हणून पिक्सेल पिक्सेल मोजून तीन रात्री. तो ड्रेस घालून तो मैदानात चालत आला तेव्हा रूममधले सगळे उभे राहिले. आणि २००८ च्या खऱ्या आयपीएल फायनलला युसूफचे ५६ रन आणि ३ विकेट, मॅन ऑफ द मॅच आपलाच माणूस.

मांडवी
पॉइंटच्या मागे कट. बस. अजून दर ओव्हरला एक तरी फोर.

सुरसागरकाठी
माझी सीडी एका दुकानातून घेतलेली, ९० टक्क्यांवर अडकायची, दुकानदार परत घेईना. आठवीतला मी, साठवलेले पैसे गेले म्हणून रडलो होतो. शेवटी शेजारच्या दादांनी स्वतःची सीडी दिली आणि परत मागितलीच नाही. ते आता इथे नाहीत, सीडी आहे.
लॅपटॉपवर स्क्रीन काळी येते, कोणाला उपाय माहीत आहे?

टेक्नोचा मागचा बाक
@सुरसागरकाठी आयकॉनवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कम्पॅटिबिलिटीत विंडोज एक्सपी निवड आणि अॅडमिन म्हणून चालव. नाही झालं तर रविवारी ये, मी बसतो तुझ्याबरोबर.