ट्रायासिक काळातील वनस्पतिभक्षी ‘डायसिनोडॉन्ट’ : मराठीत काय म्हणावे?

विचारणा : ट्रायासिक काळातील डायसिनोडॉन्ट या नामशेष प्राण्यांविषयी लिहिताना ‘सस्तनांचे पूर्वज असलेले तृणभक्षी सरीसृप’ असा शब्दप्रयोग आढळला. तो बरोबर आहे का, आणि डायसिनोडॉन्ट या नावासाठी मराठी शब्द सुचवता येईल का?

प्रतिसाद : या शब्दप्रयोगातील तिन्ही महत्त्वाचे शब्द तपासून घ्यावे लागतील, कारण माझ्या मते त्यांपैकी एकही येथे चपखल बसत नाही.

सर्वांत सोपा ‘तृणभक्षी’. ट्रायासिक काळ सुमारे 25.2 कोटी ते 20.1 कोटी वर्षांपूर्वीचा, आणि त्या काळी पृथ्वीवर तृणच नव्हते. गवताचे पुरावे त्यानंतर फार उशिरा, क्रिटेशियस काळात मिळू लागतात. त्या काळाच्या अखेरीस डायनोसॉर गवत खात होते, हे चंद्रपूर जिल्ह्यातील पिसदुरा येथे मिळालेल्या त्यांच्या अश्मीभूत विष्ठेतील गवताच्या सिलिकाकणांवरून 2005 मध्ये दाखवून देण्यात आले. डायसिनोडॉन्टांच्या काळात नेचे, सायकॅड आणि सूचिपर्णी वृक्ष होते. ‘शाकाहारी’ या शब्दाला आहार निवडल्याचा, व्रताचा वास आहे, म्हणून प्राण्यांबद्दल मी तो टाळतो. ‘वनस्पतिभक्षी’ हा शब्द जरा लांबलचक असला तरी निर्दोष आहे.

‘सरीसृप’ हा शब्द जुन्या पुस्तकांतून आला. या प्राण्यांना पूर्वी ‘सस्तनसदृश सरीसृप’ म्हणत असत, पण तो शब्द आता अभ्यासकांनी सोडून दिला आहे. डोळ्यामागे कवटीत प्रत्येक बाजूला एकच खिडकी असलेल्या प्राण्यांची शाखा, म्हणजे सिनॅप्सिड, ही सरीसृपांच्या शाखेपासून ट्रायासिकच्या कितीतरी आधी वेगळी झाली होती. आपण स्वतः त्याच शाखेवर आहोत. घोटाळ्यात भर घालतात ती शास्त्रीय नावेच. अमेरिकी जीवाश्मशास्त्रज्ञ एडवर्ड ड्रिंकर कोप यांनी 1870 मध्ये एका डायसिनोडॉन्टाला लिस्ट्रोसॉरस हे नाव दिले, त्याचा शब्दशः अर्थ ‘फावडे-सरडा’ असा होतो, आणि हा प्राणी सरडा तर नव्हताच, सरड्याचा जवळचा नातलगही नव्हता.

‘पूर्वज’ ही चूक अधिक गंभीर आहे. सस्तन प्राणी सायनोडॉन्ट या गटातून उद्भवले. डायसिनोडॉन्ट हा त्याच मोठ्या कुळातील वेगळा फाटा असून तो पुढे निर्वंश झाला. चुलतआजोबांना कोणी आजोबा म्हणून वंशावळीत लिहीत नाही. मराठीत यासाठी ‘भाऊबंद’ हा नेमका शब्द आहे : मूळ पुरुष एक, घरे वेगळी. म्हणून ‘आदिम सस्तनांचे वनस्पतिभक्षी भाऊबंद’ असे म्हणावे.

आता नावाविषयी. ब्रिटिश जीवाश्मशास्त्रज्ञ रिचर्ड ओवेन यांनी 1845 मध्ये दक्षिण आफ्रिकेतील जीवाश्मांवरून डायसिनोडॉन हे नाव दिले. ग्रीकमध्ये ‘दि’ म्हणजे दोन, ‘क्यून’ म्हणजे कुत्रा आणि ‘ओदोन्त’ म्हणजे दात. गंमत अशी की हे तिन्ही घटक संस्कृतातील द्वि, श्वन् आणि दंत यांचे सख्खे भाऊ आहेत, त्यामुळे ‘द्विश्वदंत’ हा शब्द केवळ भाषांतर म्हणूनच नव्हे तर व्युत्पत्तीनेही तंतोतंत जुळतो. तरीही मी तो सुचवणार नाही. ‘श्वदंत’ ऐकून मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे भुंकणारे काहीतरी उभे राहील, आणि ‘श्वदंष्ट्रा’ म्हणावे तर आयुर्वेदात ते गोखरूचे नाव आहे.

ग्रीक नावातील ‘कुत्र्याचा दात’ म्हणजे ज्याला आपण सुळा म्हणतो तो. मराठीत सुळा या शब्दाचे दोन अर्थ आहेत : पटाशीचे दात आणि दाढा यांच्या मधला टोकदार दात, आणि हत्तीचा बाहेर आलेला लांब दात. हत्तीच्या बाबतीत हे दोन अर्थ जुळत नाहीत, कारण त्याचे सुळे शरीररचनेच्या दृष्टीने पटाशीचे दात आहेत. डायसिनोडॉन्टांच्या बाबतीत मात्र ते एकत्र येतात, कारण त्यांच्या वरच्या जबड्यातील सुळ्याच्या जागचेच दोन दात वाढून बाहेर आले होते, तर बाकीचे दात बहुतेक जातींत कमी होत गेले किंवा नाहीसे झाले आणि त्यांची जागा कासवासारख्या शिंगद्रव्याच्या चोचीने घेतली. म्हणून ‘दुसुळी’ हा शब्द मला योग्य वाटतो. दुनळी, दुमजली, दुतोंडी यांच्या चालीवर तो सहज बसतो, आणि ‘द्विसुळी’ असा तत्सम-देशी संकरही टळतो.

शंका : आपण सुचवलेला शब्द आवडला, परंतु स्टालेकेरियासारख्या काही डायसिनोडॉन्टांना सुळेच नव्हते. त्यांना दुसुळी कसे म्हणणार?

प्रतिसाद : शंका रास्त आहे, पण ती ओवेन यांच्या नावालाही तितकीच लागू होते. गटाचे नाव ठळक लक्षणावरून पडते आणि अपवाद त्यात सामावले जातात. संस्कृतात हत्तीला ‘दंती’ म्हणतात. सुळे नसलेला मखना काही त्यातून वगळला जात नाही. शास्त्रीय लेखनात डायसिनोडॉन्ट हेच नाव ठेवून पहिल्या उल्लेखानंतर ‘दुसुळी प्राणी’ असे लिहिले, तर वाचकाची सोय होईल.

पुरवणी : भारतातील उदाहरणे देताना एक काळजी घ्यावी. दामोदर खोऱ्यातील पंचेत थरांतला लिस्ट्रोसॉरस आणि प्राणहिता-गोदावरी खोऱ्यातील येर्रापल्ली थरांतला वाडियासॉरस (भूवैज्ञानिक दा. नो. वाडिया यांच्यावरून हे नाव दिले आहे) हे दोन्ही दुसुळी होत. त्याच प्राणहिता-गोदावरी खोऱ्यातील मलेरी थरांतला एक्झेरेटोडॉन हाही ट्रायासिक काळातील वनस्पतिभक्षीच, आणि कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेवरून त्याच्या जातीला ‘स्टॅटिस्टिसी’ असे नाव मिळाले असल्याने तो लेखांत हमखास येतो. परंतु तो सायनोडॉन्ट आहे, दुसुळी नव्हे. भाऊबंदकीच्या भाषेत सांगायचे तर तो आपल्याच घरातला.