ऑर्कुटवरील आमच्या गंजिफा गटाचे काही परत मिळवता येईल का?

प्रश्न (सावंतवाडी) : २०१० च्या सुमारास ऑर्कुट या समाजमाध्यमावर गंजिफा, म्हणजे खेळण्याचे पारंपरिक पत्ते, हाताने रंगवणाऱ्या आम्हा दहा-बारा जणांचा एक गट होता. दशावतारी संचाची १२० गोल पाने, म्हणजे दहा अवतारांची प्रत्येकी बारा, आम्ही आपसांत वाटून घेऊन रंगवत होतो. मत्स्याच्या पानाची किनार माझ्याकडून जाड झाली, तेव्हा एका ज्येष्ठ सदस्यांनी ‘कुंचला स्थिर ठेवा आणि पान फिरवा’ असे लिहिले होते. आजही मी किनार तशीच काढतो. माझी चित्रे सीडीवर आहेत, परंतु त्यांखालची ती सारी चर्चा गेली. ती कुठे मिळू शकेल?

उत्तर (वेंगुर्ले) : ऑर्कुट ३० सप्टेंबर २०१४ रोजी बंद झाले. सार्वजनिक गटांचा संग्रह त्यानंतर काही काळ पाहता येत होता, मात्र २०१७ मध्ये तोही काढून टाकण्यात आला. गटाचा जुना पत्ता आठवत असेल तर वेबॅक मशीन या जुनी वेबपाने जपणाऱ्या संकेतस्थळावर अवश्य शोधा, पण फार आशा धरू नका. त्यापेक्षा कोणा सदस्याने तेव्हा गटाची ती वेबपाने संगणकावर साठवली होती का, हे विचारावे. आणि त्या सीडीची प्रत आजच करा. आपल्याकडच्या दमट हवेत सीडीवर बुरशी धरते.

उत्तर (रत्नागिरी) : याहू ग्रुप्स या चर्चागटांच्या सेवेवरील मजकूर काढला जाणार असल्याचे २०१९ मध्ये जाहीर झाले, तेव्हा पिंगुळीच्या चित्रकथी (चित्रे दाखवत कथा सांगण्याच्या) शैलीचा अभ्यास करणाऱ्या आमच्या गटातील फायली मी घाईघाईने उतरवून घेतल्या. उघडून पाहते तर शिवाजी या युनिकोडपूर्व जुन्या फाँटमध्ये टंकलेला सगळा मजकूर रोमन अक्षरांचा गोंधळ होऊन बसलेला! तो युनिकोडमध्ये, म्हणजे आज सर्व संगणकांवर चालणाऱ्या अक्षरपद्धतीत, आणायला चार महिने लागले, पण कोणत्या चित्राविषयी कोण काय म्हणाले, हे आज वाचता येते. नुसती चित्रे उरली असती, तर आम्ही एकमेकांकडून काय शिकलो हे कोणालाच कळले नसते. अशी चर्चा इतरांसाठी खुली करण्यापूर्वी लिहिणाऱ्यांची संमती मात्र घ्यावी.

प्रश्नकर्ता : आपणा दोघांचेही मनःपूर्वक आभार. ते ज्येष्ठ सदस्य कुडाळला राहतात. येत्या रविवारी सर्व चित्रे छापून त्यांच्याकडे नेणार आहे, आणि प्रत्येक पानाविषयी त्यांना जे आठवेल ते त्या चित्रामागेच लिहून घेणार आहे.