जुळ्यांची बोली: तुमच्या घरी काय बोललं जायचं?

दोन-अडीच वर्षांची दोन मुलं एकमेकांशी तावातावाने बोलताहेत, एकमेकांना नीट उत्तरं देताहेत आणि घरातल्या मोठ्यांना त्यातलं अक्षरही कळत नाही, हे ज्यांनी पाहिलंय त्यांच्यासाठी हा धागा. जुळ्यांमध्ये हे जास्त दिसतं, पण पाठोपाठच्या भावंडांतही होतं. शाळेतल्या मुलांची 'च'ची भाषा इथे नको. तिच्यात शब्द आपलेच, नियम ठरवून केलेला आणि हेतू लपवण्याचा. या लहानग्यांना काही लपवायचं नसतं.

मला या विषयाची ओढ लागली ती सॅन दिएगोच्या ग्रेस आणि व्हर्जिनिया केनेडी यांच्यामुळे. १९७० साली जन्मलेल्या या जुळ्या बहिणी एकमेकींना 'काबेंगो' आणि 'पोटो' म्हणत. मुलींची बुद्धी कमी आहे अशी घरच्यांची समजूत झाली होती, म्हणून त्यांना इतर मुलांत फारसं मिसळू दिलं नाही. सोबत असायची ती जर्मन बोलणारी आजी. पुढे तज्ज्ञांनी त्यांचं बोलणं ध्वनिमुद्रित करून बारकाईने ऐकलं, तर बहुतेक शब्द इंग्रजी आणि जर्मनच निघाले, फक्त उच्चार पार बदललेले आणि वेग विलक्षण. वर्तमानपत्रांना अगदी नवी भाषा हवी होती, त्यांची निराशा झाली. मला उलट याचंच नवल वाटतं: कानावर जे थोडंफार पडलं, त्यातून दोघींनी आपल्यापुरतं सगळं उभं केलं.

तेव्हा 'गोड होतं हो' एवढ्यावर थांबू नका. शब्द लिहा, तो कशासाठी वापरायचे ते लिहा, आणि कुठून आला असेल तेही.

जुळ्यांची आई, नागपूर
आमचे दोघे मुलगे स्वतःलाही 'डाडू' म्हणायचे आणि दुसऱ्यालाही. 'डाडू तात्ती' म्हणजे मला पोळी दे, त्याला दे किंवा आम्हा दोघांना दे, काहीही. त्यांचा मात्र कधी घोळ व्हायचा नाही. 'गुगू' आधी खिडकीतलं कबूतर होतं, मग विमान, मग छताचा पंखा.

आजी, सातारा
नातवंडं जुळी नाहीत, दोघांत वर्षाचं अंतर. कुकरच्या शिट्टीला ती 'फुस्स' म्हणायची. मग भाताला फुस्स. मग जेवायच्या वेळेलाच फुस्स. पुढं दिवेलागण झाली की धाकटी दारात उभी राहून भावाला हाक मारायची, 'फुस्स आली, फुस्स आली', म्हणजे अंधार पडला, आता घरात ये. आमच्याकडं रात्रीचा भात कुकरला लागतो तो त्याच सुमाराला. कुणी शिकवलं नाही बाळांनो. एका आवाजापासून रात्रीपर्यंत ती दोघं आपली आपण चालत गेली. मी सगळं कॅलेंडरच्या मागं लिहून ठेवत होते.

वाचा-उपचारतज्ज्ञ, पुणे
आजी, तुमचं कॅलेंडर जपून ठेवा, फार मोलाचं आहे ते.
हे का होतं ते सांगते. शब्द शिकताना प्रत्येकच मूल उच्चार मोडतं. एकटं मूल मोठ्यांशी बोलतं, मोठ्यांना कळलं नाही की त्याला शब्द सुधारावा लागतो. जुळ्यांमध्ये ऐकणाराही त्याच टप्प्यावर असतो. त्याला 'तात्ती' कळते, म्हणून 'तात्ती' टिकते. शिवाय आईचा वेळ दोघांत वाटला जातो. अशा बोलीत शब्द बहुधा घरच्या भाषेचे किंवा आवाजांवरून आलेले असतात, प्रत्यय जवळजवळ नसतात, आणि जे महत्त्वाचं ते आधी बोललं जातं.
रशियात लुरिया आणि युदोविच या मानसशास्त्रज्ञांनी युरा आणि ल्योशा या पाच वर्षांच्या जुळ्यांचा अभ्यास केला. बोलणं खूप मागे होतं. दोघांना बालवाडीत वेगवेगळ्या गटांत ठेवलं आणि काही महिन्यांतच दोघंही इतरांना समजेल असं बोलू लागले. एकाला भाषेचे खास धडेही दिले होते, पण ज्याला दिले नव्हते तोही बराच पुढे गेला. इतर मुलांशी बोलण्याची गरज पडली, हे त्यातलं मोठं कारण.
म्हणून पालकांना माझं सांगणं: त्यांची बोली बंद करू नका, रागावू तर मुळीच नका. दोघांपैकी प्रत्येकाशी रोज थोडा वेळ एकेकट्याने बोला. आणि मुलं एकमेकांशी बोलतात पण इतर कुणाशीच बोलत नाहीत, हाकेला वळत नाहीत, असं दिसलं तर थांबू नका. आधी श्रवणचाचणी करून घ्या. 'जुळी उशिराच बोलतात' असं म्हणत वाट पाहणं मला पटत नाही.

बाबा, फोंडा
घरात आई कोंकणी बोलते, मी मराठी. मुलींनी 'उदक'चं 'उदू' केलं आणि 'पाणी'चं 'पाई'. पण 'उदू' म्हणजे प्यायचं, 'पाई' म्हणजे आंघोळीचं. पेल्याला चुकूनही 'पाई' म्हणायच्या नाहीत. आम्हा दोघांच्या भाषेत असा फरक नाही, तो त्यांनी पाडला.

जुळ्यांपैकी एक, कोल्हापूर
मी त्यातलीच. पहिलीत मला 'अ' तुकडी मिळाली, ताईला 'ब'. (सात मिनिटांनी मोठी, तरी ताईच.) त्याच वर्षी आमचं बोलणं गेलं असं आई सांगते. मला एकही शब्द आठवत नाही. ताईलाही नाही. हेल तेवढा आठवतो, वाक्याच्या शेवटी वर जाणारा, आणि फोनवर आम्ही दोघी घाईत असलो की अजून तसंच बोलतो. माझ्या नवऱ्याला त्यातलं निम्मं कळत नाही. ते शब्द कुणीतरी लिहून ठेवायला हवे होते असं फार वाटतं.

धागाकर्ती
आजी, कॅलेंडरवरचे बाकीचे शब्दही लिहा ना. आणि सगळ्यांना विनंती, शब्दासोबत मुलांचं तेव्हाचं वयही द्या. नागपूरच्या ताई, 'डाडू' जाऊन 'मी' कधी आलं, आणि दोघांचं एकदमच आलं का?