रंगावर विटा चिकटवू नका

भुसावळच्या घरी हॉलच्या रंगवलेल्या भिंतीवर थेट पातळ विटा (शोभेसाठी चिकटवायच्या विटेच्या चकत्या) लावता येतील का, असं विचारलंय. त्यावर कुणीतरी 'सिमेंटचा घोळ लावा, बसतील' असं सांगितलंय. तसं करू नका. वीट रंगाला चिकटते आणि रंग भिंत सोडतो. आमच्या जळगावच्या घरी नेमकं हेच झालं. पहिल्याच उन्हाळ्यात दोन ओळी खाली आल्या, तेही पाहुण्यांसमोर!

दुसऱ्यांदा गवंड्याकडून रंग खरवडून प्लास्टरला टाचे मारून, म्हणजे छिन्नीने खडबडीत करून घेतले. भिंतीला ओल किंवा लोणा (ओलीमुळे वर येणारा क्षार) असेल तर आधी त्याचा बंदोबस्त करा, नाहीतर पांढरे डाग विटांवर येतात. मग पॉलिमरवालं टाइल अ‍ॅडहेसिव्ह (टाइल चिकटवायचा तयार मसाला) दातेरी थापीने भिंतीवर आणि थोडं विटेच्या पाठीवरही लावायचं. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ च्या आसपास जातो, मसाला बघता बघता सुकतो. म्हणून एका वेळी हातभर जागाच घ्या, आणि पश्चिमेची बाहेरची भिंत असेल तर काम सकाळीच उरका.

सुरुवात कोपऱ्यापासून. कोपऱ्याला एल आकाराच्या विटा मिळतात, महाग पडतात, पण त्यांच्याशिवाय चकतीची कड दिसते आणि सगळं सोंग उघडं पडतं. तीन-चार खोक्यांतल्या विटा मिसळून लावा, रंगाचे पट्टे दिसत नाहीत. दरजा, म्हणजे विटांमधल्या फटी, साधारण १० मिमी. त्या दुसऱ्या दिवशी भरा.

आणि हो, टीव्हीचं वायरिंग आधी!