आस्त्रोलाब जहाजाचं लाकडी मॉडेल: किट घ्यावं की तयार? (बजेट १५ हजार)

मिहिका_ठाणे: बाबा मर्चंट नेव्हीतून चीफ इंजिनियर म्हणून निवृत्त झाले. ऑक्टोबरात त्यांची सत्तरी आहे. जुन्या फ्रेंच शोधमोहिमांचं त्यांना प्रचंड वेड, म्हणून आस्त्रोलाबचं मॉडेल द्यायचं ठरवलंय. एका जाहिरातीत १७८५ लिहिलंय, दुसरीत १८११. जहाज एक की दोन? आणि किट घ्यावं की तयार? बजेट कस्टम्स धरून १५ हजार, त्याच्या वर जाणार नाही.

दर्यावर्दी: तयारच घ्या. मी युरोपातून मागवलं, काचेच्या पेटीसकट ४५ हजार पडले. घरी येणारा प्रत्येक जण आधी त्याच्यापाशी थांबतो. वडिलांच्या सत्तरीला हात आखडू नका.

कोथरूडकर: तयार मॉडेल अजिबात नको! माझं कुरियरवाल्याने आदळलं, मधली डोलकाठी मुळापासून गेली. भरपाईसाठी फोटो, फॉर्म, परत फोटो. शेवटी छदामही मिळाला नाही.

बखरवाला: जहाजं दोन आहेत. पहिलं फ्रेंच दर्यावर्दी ला पेरूजच्या मोहिमेतलं. १ ऑगस्ट १७८५ ला बुसोल आणि आस्त्रोलाब ब्रेस्टहून निघाली. दोन्ही मुळात मालवाहू, मोहिमेसाठी नावं बदलली. मार्च १७८८ मध्ये त्यांनी ऑस्ट्रेलियातलं बॉटनी बे सोडलं आणि पुढे कित्येक वर्षं दोन्हींचा ठावठिकाणा लागला नाही. बार्तेलेमी द लेसेप्स हा दुभाषा आधीच रशियाच्या कामचाटकात उतरून मोहिमेची कागदपत्रं खुष्कीने फ्रान्सला घेऊन गेला, म्हणून तो वाचला.
दुसरं १८११ चं. घोडे वाहायला बांधलेलं, नाव कोकीय. १८२२ ते १८२५ द्युपेरेच्या हाताखाली त्याने पृथ्वीप्रदक्षिणा केली, दुय्यम अधिकारी होता ड्युमाँ द्युरव्हील. १८२६ मध्ये तोच कप्तान झाला. ला पेरूजचा माग काढायचा होता, म्हणून त्याच्या जहाजाचं नाव कोकीयला दिलं. बाजारात मिळतं ते बहुधा हेच.

सिडनीकर: बखरवाला +१. जहाजं दोन आहेत. आमच्याकडे बॉटनी बेच्या काठावर ला पेरूज नावाचं उपनगरच आहे, तिथे संग्रहालयही आहे. बाबांना इकडेच घेऊन या ना! मॉडेलपेक्षा कितीतरी छान भेट होईल.

मिहिका_ठाणे: सिडनी १५ हजारांत बसत नाही हो. :) बखरवाला, खूप आभार.

कोलकाता_रिटर्न: पण ला पेरूजची जहाजं सापडल्याचं श्रेय द्युरव्हीलला देऊ नका. १८२६ मध्ये पीटर डिलन या व्यापारी कप्तानाला पॅसिफिकमधल्या टिकोपिया बेटावर फ्रेंच तलवारीची मूठ दिसली. ती घेऊन तो कलकत्त्याला आला, तेव्हा कंपनी सरकारने त्याला रिसर्च हे जहाज दिलं आणि १८२७ मध्ये त्याने व्हानिकोरो गाठलं, म्हणजे ती जहाजं जिथे फुटली ते बेट. द्युरव्हीलला ही बातमी होबार्टमध्ये कळली, मग तो तिकडे वळला.

बखरवाला: डिलनचा मान त्याला आहेच. पण प्रवाळात रुतलेले नांगर आणि तोफा दाखवून घेतल्या, काही वर काढल्या आणि ला पेरूजच्या माणसांचं स्मारक उभारलं, हे १८२८ मध्ये आस्त्रोलाबच्या लोकांनीच. तेही निम्मे तापाने फणफणलेले असताना. डिलनने आणलेल्या वस्तू ओळखायला पॅरिसमध्ये बसले होते तेच लेसेप्स!

कोलकाता_रिटर्न: शोध आधी डिलनचा. मुद्दा संपला.

लाकूडकाम_नाशिक: मूळ प्रश्नाचं कोणीच बोलत नाहीये. मी अशी किटं केली आहेत. सांगाडा उभा करणं सोपं. फळ्या गरम पाण्यात भिजवून वाकवायच्या, क्लिप लावून रात्रभर सोडायच्या. ओल्या लावल्या तर वाळताना फटी पडतात. खरी परीक्षा दोरकामाची. कप्प्या मुगाच्या दाण्याएवढ्या, त्यातून दोरा ओवायचा. बाबांची नजर कशी आहे? मोतीबिंदू असेल तर किट नको. आणि किंमत बघताना कुरियर आणि ड्युटी मिळवून बघा, दहाचं किट पंधराला पडतं.

दर्यावर्दी: म्हणूनच म्हणतोय, तयार घ्या.

अनामिका२१: किट घेतलंच तर लुई ल ब्रेतोंची चित्रं जरूर बघा. तो द्युरव्हीलच्या पुढच्या, दक्षिण ध्रुवाकडच्या मोहिमेवर आस्त्रोलाबवरच होता. १८३८ मध्ये आस्त्रोलाब आणि सोबतचं जहाज झेले बर्फात अडकली, १८४० मध्ये टॉरेस सामुद्रधुनीत दोन्ही प्रवाळावर चढली, ते सगळं त्याने काढलंय. शिडं-दोरांना फार उपयोग होतो. अंटार्क्टिकातलं अदेली लँड सापडलं तेही याच सफरीत, जानेवारी १८४० मध्ये. नाव द्युरव्हीलच्या बायकोचं. १८४२ मध्ये ती, तो आणि त्यांचा मुलगा व्हर्सायजवळच्या रेल्वे अपघातात गेले. वाचून फार वाईट वाटलं होतं.

कोथरूडकर: नाशिककरांशी सहमत. सत्तरीत दोरकाम म्हणजे डोळ्यांना ताण. पुस्तक द्या.

मिहिका_ठाणे: सगळ्यांचे आभार. किटच मागवलं, १८११ चं, ड्युटीसकट १४,२०० ला. बाबांचं एका डोळ्याचं ऑपरेशन झालंय, तरी त्यांना हातात काम हवं असतं. बरोबर स्टँडवालं भिंग आणि वाकड्या टोकाचे चिमटे घेतलेत. दोरकाम त्यांना जमेल तेव्हा ते करतील, घाई नाही.

लाकूडकाम_नाशिक: मग दोऱ्याला आधी मेण लावायला सांगा, पीळ सुटत नाही. कुठे अडलं तर इथेच विचारा.

दर्यावर्दी: काचेची पेटी तरी घ्या. धूळ फार बसते.